दसऱ्यानंतरची शाळा

पाटोदा तालुक्यातल्या जिल्हा परिषदेच्या शाळांचं वर्ष जूनमध्ये सुरू होतं, पण त्याचे दोन तुकडे पाडतो तो दसरा. पावसाळाभर वर्ग भरलेले असतात. सहामाही परीक्षा आटोपते, सोनं लुटून होतं आणि वाड्यावस्त्यांवर बोचकी बांधायला सुरुवात होते. ट्रक आणि ट्रॅक्टर दाराशी लागतात. बांबू, चटया, ताडपत्री, ज्वारी-बाजरीची पोती, पाण्याचा पिंप, शेळी, कोंबड्या आणि या सगळ्यावर बसलेली माणसं असा संसार ऊस तोडायला घाट उतरतो. चैत्राच्या आगेमागे कारखान्याचा पट्टा पडेपर्यंत, म्हणजे गाळपाचा हंगाम संपेपर्यंत, गावात राहतात ती म्हातारी माणसं आणि त्यांच्याजवळ ठेवलेली लेकरं. या लेकरांसाठी शाळेच्या आवारात चूल पेटते. सरकारी कागदांत तिचं नाव आहे हंगामी वसतिगृह.

नाव वसतिगृहाचं असलं तरी बहुतेक ठिकाणी तिथे खाटा नसतात. मूल सकाळी येतं, खातं, वर्गात बसतं, संध्याकाळी पुन्हा जेवतं आणि रात्री आजीच्या कुशीत झोपायला जातं. अशी ही अर्धीमुर्धी संस्था जन्माला कशी आली? तिची वंशावळ लावू गेलं तर धागे साताऱ्याच्या बोर्डिंगपासून डहाणूच्या कुरणांपर्यंत आणि थेट अमेरिकेतल्या नवाहो लोकांच्या वाळवंटापर्यंत जातात. पण सगळ्यात जुना धागा पाटोद्याच्या घराघरातच आहे.

आधी जमीन पाहिली पाहिजे. पाटोदा हा बीड जिल्ह्यातला, बालाघाटाच्या माथ्यावरचा तालुका. मांजरा याच डोंगरात उगम पावते. सौताड्याला विंचरणा नदी कड्यावरून खाली झेपावते, नायगावच्या माळरानावर मोरांचं अभयारण्य आहे. पाहुण्याला हे सगळं हिरवंगार दिसतं, कारण पाहुणा श्रावणात येतो. इथे उगम पावलेलं पाणी इथे थांबत नाही, ते लातूरकडे, नगरकडे उतरून जातं. माथ्यावर उरतात ती हलकी, मुरमाड रानं, त्यात पावसाच्या भरवशावरची बाजरी, तूर, ज्वारी. खरीप निघालं की हाताला काम नाही. दुसऱ्याच्या पाण्यावर पिकलेला ऊस तोडायला इथल्या माणसानं जावं, याची सुरुवात अशी भूगोलातच झालेली आहे.

शाळाही इथे उशिरा आली. १९४८ च्या सप्टेंबरपर्यंत हा मुलूख निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता. राज्यकारभाराची आणि वरच्या शिक्षणाची भाषा उर्दू. हैदराबादला १९१८ मध्ये स्थापन झालेलं उस्मानिया विद्यापीठही उर्दू माध्यमाचंच. मराठवाड्यात मराठीतून शिकवणाऱ्या राष्ट्रीय बाण्याच्या शाळा बोटांवर मोजण्याइतक्या होत्या. त्यांतली एक १९२१ मध्ये हिप्परग्याला निघाली. स्वामी रामानंद तीर्थांनी तिथे आणि पुढे अंबाजोगाईला शिकवलं. डोंगरातल्या वाड्यांना या शाळा दूरच होत्या. १९५६ मध्ये मराठवाडा मुंबई राज्यात आला, १९६० मध्ये महाराष्ट्र झाला आणि १ मे १९६२ पासून जिल्हा परिषदा कामाला लागल्या. त्यानंतर वाडीवाडीवर एकेक खोली उभी राहू लागली. एक शिक्षक, चार इयत्ता, एक फळा. पहिलीच्या पोरांना पाटी देऊन बसवायचं आणि चौथीला गणित घालायचं, हा त्या शाळेचा रिवाज.

शाळा डोंगरावर चढत होती त्याच काळात माणसं डोंगर उतरायला लागली होती. प्रवरेच्या काठी विठ्ठलराव विखे पाटलांच्या पुढाकारानं १९५० मध्ये सहकारी साखर कारखान्याचं पहिलं गाळप सुरू झालं. पुढच्या वीस-पंचवीस वर्षांत नगर, पुणे, सातारा, सांगली, कोल्हापूर, सोलापूर या पट्ट्यात कारखान्यांची रांग लागली. ऊस तोडल्यावर लवकरात लवकर गाळला गेला पाहिजे, नाहीतर वजन घटतं आणि साखरेचा उताराही घटतो. म्हणजे रात्रंदिवस फडाजवळ राहणारी माणसं हवीत आणि तीही फक्त हंगामापुरती. बारमाही शेतीच्या गावात अशी माणसं मिळत नाहीत, कोरडवाहू डोंगरात मिळतात. १९७२ च्या दुष्काळानं उरलेसुरले पाय बाहेर काढले. तेव्हापासून बीड जिल्हा ऊसतोडीचा जिल्हा म्हणून ओळखला जाऊ लागला.

या धंद्याचं एकक माणूस नसून जोडी आहे. नवरा-बायको मिळून एक कोयता. मुकादम उचल, म्हणजे आगाऊ रक्कम, देतो ती कोयत्याला. नवरा ऊस तोडतो, बायको वाढे छाटून मोळ्या बांधते आणि डोक्यावरून गाडीत भरते. एकटा माणूस म्हणजे अर्धा कोयता, त्याला उचलही तशीच. बाई घरी राहून मुलं सांभाळील, ही सोय या हिशेबात बसतच नाही. एरवी मोलमजुरीसाठी बाप शहरात जातो तेव्हा आई आणि मुलं गावात राहतात, शाळा चालू राहते. ऊसतोडीत मात्र आईबाप दोघंही जातात, म्हणून पहिला घाव पडतो तो शाळेवर.

मूल सोबत नेलं तर ते फडावर रिकामं बसत नाही. धाकट्याला सांभाळतं, पाणी आणतं, वाढे गोळा करतं, बैलांना चारा घालतं. दहा-बारा वर्षांची मुलगी असेल तर कोपीतला स्वयंपाक तिच्याकडे. आणखी दोन-तीन वर्षांत मुलगा कोयता धरतो आणि मुलीच्या लग्नाचं बोलणं सुरू होतं, कारण लग्न झालं की पुरा कोयता होतो आणि उचल पुरी मिळते. शाळा सुटण्याची तारीख कुणी ठरवलेली नसते. एका वर्षी मूल हंगामाला गेलं, परत आलं तेव्हा वार्षिक परीक्षा तोंडावर होती किंवा होऊन गेली होती. तेच पुढच्या वर्षी. तिसऱ्या वर्षी ते वर्गातल्या सगळ्यांपेक्षा हातभर उंच झालेलं असतं आणि त्याला लाज वाटायला लागते.

आता साठीच्या आसपास असलेली या भागातली शिकलेली माणसं, शिक्षक, एसटीतले वाहक, तलाठी, आपलं शिक्षण कसं झालं ते सांगतात तेव्हा त्यात आजी येतेच. आईबाप हंगामाला गेले, मी आजीपाशी राहिलो. कुणी चुलत्याकडे, कुणी आत्याच्या गावी. कोठीतली ज्वारी आईबाप मोजून ठेवून जात. म्हातारीला दिसत नसे, तर नातवानंच भाकरी थापायला शिकावं. शाळेला पाचवीनंतर डोंगरकिन्ही, कुसळंब किंवा पाटोदा अशा मोठ्या गावापर्यंत पायपीट. चैत्रात आईबाप आले की कडेवरचं भावंड ओळख विसरलेलं. या आठवणींत हाल आहेत, पण एक गोष्ट नीट ध्यानात घेण्याजोगी आहे. सरकारला सुचण्याच्या कितीतरी आधी डोंगरातल्या घरांनी या प्रश्नाचं स्वतःपुरतं उत्तर शोधलं होतं. मूल गावातच ठेवायचं, आपल्याच शाळेत, आपल्याच म्हाताऱ्यांजवळ. उत्तरात उणीव एकच होती, म्हातारीच्या हातून सहा महिने स्वयंपाक होईलच याची खात्री नव्हती. ज्या घरात म्हातारी नाही किंवा कोठीत ज्वारी नाही, तिथलं मूल ट्रकमध्ये चढायचं.

सरकार आणि समाजसुधारक मात्र फार काळ वेगळ्याच दोन वाटांनी विचार करत होते. पहिली वाट, मुलाला उचलून शाळेकडे न्यायचं. दुसरी, शाळा उचलून मुलाकडे न्यायची.

पहिल्या वाटेचं उजळ रूप महाराष्ट्राला चांगलं ठाऊक आहे. शाहू महाराजांनी कोल्हापुरात १९०१ मध्ये व्हिक्टोरिया मराठा बोर्डिंग काढलं आणि मग एकेका समाजासाठी वसतिगृहांची रांगच उभी केली. भाऊराव पाटलांनी साताऱ्याला १९२४ मध्ये सगळ्या जातींच्या मुलांना एका पंगतीला बसवलं. १९२७ मध्ये गांधीजींच्या हस्ते त्या वसतिगृहाला शाहू महाराजांचं नाव मिळालं. तिथल्या मुलांच्या जेवणासाठी लक्ष्मीबाईंनी अंगावरचे दागिने मोडले, ही गोष्ट महाराष्ट्रात शाळेतली पोरंही सांगतात. वसतिगृह म्हणजे आधी धान्याचा प्रश्न, हे त्या माउलीला पहिल्या दिवसापासून कळलं होतं.

याच वाटेचं काळं रूपही आपल्याकडे होतं. ज्या जमातींवर इंग्रज सरकारनं जन्मतःच गुन्हेगार असा शिक्का मारला, त्यांना सोलापूरसारख्या ठिकाणी तारेच्या कुंपणाआड, सेटलमेंटमध्ये ठेवलं गेलं. १९११ च्या गुन्हेगार जमाती कायद्यानं सरकारला मुलांना आईबापांपासून वेगळं काढून सुधारशाळेत ठेवण्याचा अधिकार दिला. शाळा सक्तीची होती आणि हजेरी पोलिसी थाटाची. ऑगस्ट १९५२ मध्ये तो कायदा रद्द झाला. पण शाळा म्हणजे लेकरू हिरावून नेणारी जागा, ही धास्ती पारध्यांच्या पालांवर पुढेही बराच काळ टिकली. आजही शिक्षक पालावर पट नोंदवायला गेला की बायका आधी मुलं आत घेतात, त्यामागे हा इतिहास आहे.

हीच कथा पृथ्वीच्या दुसऱ्या टोकाला घडली. अमेरिकेच्या नैऋत्येला नवाहो लोकांचा मेंढपाळीचा मुलूख आहे. वस्त्या विरळ, एका घरापासून दुसरं घर मैलांवर, मेंढ्यांमागे ऋतूप्रमाणे फिरणं. त्यांना वर्षानुवर्षं बंदिवासात ठेवल्यावर १८६८ मध्ये अमेरिकी सरकारनं त्यांच्याशी तह केला. त्याच्या सहाव्या कलमात सहा ते सोळा वर्षांच्या मुलामुलींना शाळेत पाठवण्याची सक्ती होती आणि अशा दर ३० मुलांमागे एक शाळागृह व एक शिक्षक देण्याचं वचन होतं. वचन रेंगाळलं. १८७९ मध्ये निघालेल्या कार्लाइलच्या शाळेच्या नमुन्यावर दूरदूर निवासी शाळा उभ्या राहिल्या. मुलांचे केस कापले गेले, आईची भाषा बोललं तर शिक्षा होऊ लागली. १९३० च्या दशकात धोरण बदललं आणि मुलूखभर दिवसाच्या शाळा बांधल्या गेल्या, पण चिखलाच्या वाटा आणि विखुरलेल्या वस्त्या यांमुळे तिथवर मुलं पोचेनात. १९५४ मध्ये एक तातडीची योजना निघाली. चाकांवरच्या खोल्या ओढत नेऊन वस्तीजवळ उभ्या करायच्या आणि तिथे शाळा भरवायची. थोरल्या मुलांसाठी मुलखाच्या सीमेवरच्या गावांत वसतिगृहं काढायची. १९६६ मध्ये रफ रॉक इथे पहिल्यांदा नवाहो पालकांच्याच मंडळानं चालवलेली शाळा सुरू झाली आणि घरची भाषा वर्गात आली. पाटोद्याचा आणि नवाहोंचा इतिहास एक नाही. ऊसतोड कामगाराची भाषा कुणी शाळेत बंद केली नाही, त्याला कुंपणातही ठेवलं नाही. पण विखुरलेली वस्ती आणि ऋतूबरोबर हलणारं घर यांच्यापुढे जूनला उघडणारी चार भिंतींची शाळा दोन्हीकडे सारखीच गोंधळली. दोन्हीकडे आधी मूल हलवून पाहिलं गेलं आणि मग शाळा.

शाळा हलवण्याची आपली परंपरा तर त्या चाकांवरच्या खोल्यांपेक्षा जुनी आहे. ताराबाई मोडक १९४५ मध्ये तेव्हाच्या ठाणे जिल्ह्यातल्या डहाणूच्या किनाऱ्यावर बोर्डीला आल्या, अनुताई वाघ त्यांच्यासोबत होत्या. वारल्यांची मुलं शाळेत येत नाहीत कारण ती गुरं राखतात, हे दिसल्यावर त्यांनी मुलांना दटावलं नाही. बाईच कुरणावर गेल्या. गुरं चरताहेत, मुलं झाडाखाली बसून दगड, पानं, बिया मांडताहेत, गाणी म्हणताहेत, अशी कुरणशाळा त्यांनी चालवली. पुढे १९५७ मध्ये हे काम कोसबाडच्या टेकडीवर गेलं. मुलाच्या कामाच्या जागीच वर्ग भरवायचा, ही कल्पना महाराष्ट्रात तिथून पसरली. १९९० च्या दशकात वसई-ठाण्याकडे वीटभट्टीवर विधायक संसदेच्या भोंगाशाळा सुरू झाल्या, पुण्याजवळ वाघोलीच्या खाणींत संतुलन संस्थेच्या पाषाणशाळा भरू लागल्या. त्याच सुमारास कारखान्यांच्या आवारात साखरशाळा आल्या. २००० नंतरच्या वर्षांत जनार्थ संस्थेनं त्यांचं मोठं जाळं विणलं.

साखरशाळा हे मोहवणारं स्वप्न होतं. मूल आईबापांजवळ राहतं, आई संध्याकाळी भेटते आणि वर्षही वाया जात नाही. बैलगाडीवाल्यांच्या तळावर ते बऱ्यापैकी उतरलं. गाडी सेंटरची माणसं कारखान्याजवळ एका जागी सगळा हंगाम काढतात, त्यामुळे पाचटाची किंवा पत्र्याची खोली उभारून तिथे शिकवता येत होतं. अडचण होती ती ट्रक-ट्रॅक्टरच्या टोळ्यांची. एक फड संपला की टोळी दुसऱ्या गावच्या शिवारात कोप्या टाकते. आज इथे, आठवड्यानं तिथे. शाळेनं तरी किती पळायचं? त्यात ऊसतोड रात्री-अपरात्री चालते, थकलेलं मूल सकाळी उठत नाही. काही टोळ्या कर्नाटकात बेळगाव-बागलकोटकडे जातात, तिथली जवळची शाळा कानडी. आणि साखरशाळेत शिकलेल्या सहा महिन्यांची नोंद गावच्या हजेरीपटावर कशी चढवायची, हा घोळ वेगळाच.

२००९ चा शिक्षणहक्क कायदा १ एप्रिल २०१० पासून लागू झाला. वयाला साजेशा वर्गात, नियमित शाळेत बसण्याचा हक्क प्रत्येक मुलाला मिळाला. फडाकाठच्या अनौपचारिक वर्गाला या चौकटीत जागा उरली नाही. स्थलांतरित मुलाला कारखान्याजवळच्या नियमित शाळेत घालावं असं ठरलं, त्याच्यासोबत शिक्षण हमी कार्ड द्यावं असंही ठरलं. साखरशाळा हळूहळू मिटत गेल्या. परक्या गावच्या वर्गात हंगामाच्या मध्यात जाऊन बसणारं मूल पाहुण्यासारखंच राहिलं, तेही जाऊन बसलं तर.

अशा दोन्ही वाटा अडल्यावर तिसरी पुढे आली. सर्व शिक्षा अभियानाच्या पैशांतून बीडसारख्या जिल्ह्यांत हंगामी वसतिगृहं सुरू झाली होतीच, आता भर त्यांच्यावर आला. रचना साधी आहे. मुख्याध्यापक आणि शाळा व्यवस्थापन समिती मिळून गावातून कोण जाणार, कुणाची मुलं मागे राहणार याची यादी करतात. गावातलीच एखादी बाई स्वयंपाकाला ठेवली जाते. दुपारची खिचडी शाळेच्या पोषण आहारातून येते, सकाळ-संध्याकाळचं जेवण वसतिगृहातून. मूल झोपतं नातेवाइकांकडे. आजीनं आपली माया द्यायची आणि सरकारनं दोन वेळचं अन्न. घराघरांत चालत आलेल्या जुन्या व्यवस्थेतली जी एक कडी कच्ची होती, नेमकी तीच या योजनेनं बदलली. म्हणूनच ती रुजली. १९९५ पासून शाळेत तांदूळ मिळत असे, महिन्याला तीन किलो, पण ८० टक्के हजेरी असलेल्या मुलाला. दिवाळीत ट्रकमध्ये चढणाऱ्या मुलाला त्या तांदळाचा काय उपयोग? आता अन्नच मुलाला गावात थांबवू लागलं.

या चुलीनं आणखी एक काम केलं, जे तिच्याकडून कुणी मागितलं नव्हतं. डोंगरातल्या लहान शाळांचा पट तिनं राखला. २०१७ च्या अखेरीस दहापेक्षा कमी पटाच्या सुमारे १,३०० शाळा जवळच्या शाळांत मिसळण्याचा निर्णय राज्यानं घेतला. २०२३ मध्ये वीसपेक्षा कमी पटाच्या शाळांसाठी समूहशाळेची कल्पना पुढे आली. ज्या वाडीतली निम्मी घरं हिवाळ्यात कुलूपबंद असतात, तिथे पट घसरायला वेळ लागत नाही. अशा ठिकाणी वीस मुलांचं जेवण शिजतं म्हणून वीस मुलं राहतात आणि वीस मुलं राहतात म्हणून शाळा राहते.

तिच्या मर्यादाही उघड आहेत. ज्या घरात म्हातारं माणूस नाही, त्या घरच्या मुलाच्या रात्रीचं काय, याचं उत्तर तिच्याजवळ नाही. वयात येणाऱ्या मुलीला नातेवाइकांच्या भरवशावर सहा महिने सोडायला आई धजत नाही. मग मुलगी फडावर जाते किंवा मांडवात बसते. आठवी-दहावीच्या मुलींची गळती इथे आहे. तान्ह्या भावंडासाठी मोठी बहीण सोबत न्यावी लागते, कारण फडाकाठी पाळणाघर नाही. वसतिगृह गावात आणि अडचण तिकडे कारखान्यावर, असं हे दोन ठिकाणी तुटलेलं दुखणं आहे.

२०२१ मध्ये राज्यानं ऊसतोड कामगारांच्या मुलामुलींसाठी संत भगवानबाबा शासकीय वसतिगृह योजना आणली. ४१ तालुके, प्रत्येकी मुलांचं एक आणि मुलींचं एक अशी ८२ वसतिगृहं, प्रत्येकात १०० जागा. पहिल्या टप्प्याच्या तालुक्यांत पाटोद्याचं नाव होतं. ज्यांच्या नावानं ही योजना आहे ते भगवानबाबा १८९६ मध्ये याच तालुक्यातल्या सावरगाव घाटला जन्मले. शेत गेलं तरी चालेल पण लेकरं शिकवा, ही त्यांची शिकवण म्हणून या डोंगरात आजही सांगितली जाते. वंशावळीच्या दृष्टीनं पाहिलं तर हे वसतिगृह पुन्हा शाहू-भाऊरावांच्या घराण्यातलं आहे. मूल गाव सोडून तालुक्याला येतं, खाट मिळते, दार रात्री बंद होतं. थोरल्या मुलींसाठी हेच हवं होतं. सहा-सात वर्षांच्या पोरासाठी मात्र आजीला पर्याय नाही, त्यामुळे वाडीतली चूल विझवून तिचं काम तालुक्याच्या इमारतीवर ढकलण्याचा मोह टाळला पाहिजे. दोन वयांना दोन वेगळी घरं लागतात.

शंभर-सव्वाशे वर्षांच्या या मागोव्यातून हाती लागतं ते एवढंच की शाळा टिकली ती मुलाच्या घराची रीत ओळखून तिला हात देणाऱ्यांकडून. ताराबाईंनी गुरं सोडवली नाहीत, भाऊरावांनी आधी पंगत मांडली, रफ रॉकच्या पालकांनी आपली भाषा वर्गात आणली. हंगामी वसतिगृहानं आजीला हात दिला. पण हा हात वेळेवर मिळाला तरच त्याला अर्थ आहे. मंजुरी, यादी, निधी यांत दिवाळी उलटली की चूल मार्गशीर्षात पेटते आणि तोवर मूल फडावर पोचलेलं असतं. हंगामाच्या मध्यातून कुणी लेकरू परत आणून सोडत नाही. कोण जाणार, किती कोयते जाणार, कोणत्या कारखान्याला जाणार हे काही दसऱ्याला आकाशातून पडत नाही. मुकादमाच्या वहीत पावसाळ्यातच उचलीसकट लिहून झालेलं असतं. तीच यादी शाळेनं तेव्हाच करावी आणि पैसे भाद्रपदात समितीच्या खात्यावर असावेत. नवी योजना, नवं नाव, नवी इमारत यांपैकी कशाचीही त्यासाठी गरज नाही. मुकादमाला जे वेळेवर जमतं, ते सरकारला न जमण्याचं कारण नाही.